माशीमुक्त देशातला आंबा

इल्काने माझ्या वाक्याचं भाषांतर केलंच नाही.

मी हिंदीत म्हटलं होतं, “मोहर आला म्हणजे आंबा आला असं नसतं. फळ धरायला माश्या लागतात. या काचघरात माश्या सोडायला हव्यात.” यात न कळण्यासारखं काही नव्हतं. पण माझी दुभाषी इल्का चहाच्या पेल्याकडे बघत गप्प बसली. तिच्या कानांच्या पाळ्या लाल झाल्या. समोर वनस्पती उद्यानातले पक्षाचे सचिव, कॉम्रेड बार्तोश, भुवया उंचावून वाट बघत होते. त्यांच्या शेजारी उद्यानाचे संचालक डॉक्टर वोर्नाक खिडकीबाहेरचा बर्फ न्याहाळत होते, जणू ही बैठक दुसऱ्याच कुणाची होती.

शेवटी इल्का त्यांच्या भाषेत काहीतरी बोलली. बार्तोशनी समाधानाने मान डोलावली आणि बैठक संपली.

बाहेर आल्यावर मी तिला गाठलं. “काय सांगितलंस त्यांना?”

“आंब्याला वाऱ्याची मंद झुळूक लागते, असं.”

“इल्का, मी माश्या म्हटलं होतं. माश्या!”

तिने आधी मागे पाहिलं, मग पुढे. तिचं हिंदी विद्यापीठात जुन्या पुस्तकांवरून शिकलेलं. पहिल्या दिवशी तिने मला ‘कृपया पादत्राण उतारिए’ असं सांगितलं होतं. आता ती कुजबुजली, “दीदी, हमारे राष्ट्र में मक्षिका नहीं है।”

“नाही कशी? सकाळी खाणावळीत कोबीवर बसली होती एक.”

“ती आपल्याला दिसली नाही,” इल्का म्हणाली आणि भराभर चालायला लागली.

गोष्ट एकोणीसशे पंचाहत्तरची. देश कार्दोविया. नकाशात शोधू नका, त्या नावाचा देश आता उरलेला नाही. मी तेव्हा चौतिशीत होते, कोकणातल्या एका फळ संशोधन केंद्रात काम करत होते. मूळची हर्णैची, मंदाकिनी रेडीज. सरकारने मला या थंडगार देशात का पाठवलं, त्याचं कारण म्हणजे एक मेजवानी.

कार्दोवियावर पाव शतकाहून जास्त काळ मार्शल ग्रादेकचं राज्य होतं. पक्ष तोच, लष्कर तोच, कायदा तोच. लोक त्याचं नाव घेत नसत, नुसतं ‘ते’ म्हणत. आमच्याकडच्या जुन्या बायका नवऱ्याचं नाव घेत नसत ना, तसं. फक्त इथे अख्खा देश पदर सावरून बसलेला. तर हा ग्रादेक दिल्लीला आला असताना मेजवानीत त्याने हापूस खाल्ला आणि विचारलं, “हे आमच्याकडे का होत नाही?” आपल्या कुणा अधिकाऱ्याने नम्रपणे सांगितलं, “आपल्याकडे थंडी फार पडते.” ग्रादेकने तोंड पुसलं आणि म्हणाला, “आमच्या देशात थंडी पक्षाला विचारून पडते.”

झालं. मैत्रीची भेट म्हणून हापूसची मोठी कलमं विमानाने गेली. राजधानीत काचघर उभं राहिलं, त्याच्या पोटाशी कोळशाची भट्टी, वाफेचे नळ. शहरात घरांना संध्याकाळी जेमतेम गरम पाणी मिळे, आंब्यांना मात्र दिवसरात्र ऊब. कलमं जगली. मोहरलीसुद्धा. पण दोन वर्षं मोहर आला आणि गळून गेला. आपले दोन तज्ज्ञ हात हलवत परतले होते. तिसरी मी.

माश्यांचं कोडं मला इल्कानेच उलगडून सांगितलं, उद्यानातल्या उघड्या रस्त्यावर, जिथे ऐकायला फक्त कावळे होते. काही वर्षांपूर्वी ग्रादेकने माशीमुक्तीची मोहीम काढली होती. शाळेतल्या मुलांपासून म्हाताऱ्यांपर्यंत प्रत्येकाने काडेपेट्या भरभरून मेलेल्या माश्या नेऊन द्यायच्या. मग एका उन्हाळ्यात त्याने राजवाड्याच्या सज्जातून जाहीर केलं, की देशातली शेवटची माशी मेली. त्या दिवसापासून वर्तमानपत्रांत माशी हा शब्द छापला गेला नाही. दुकानांतून माश्या मारायची जाळी गेली, चिकट कागद गेले. नसलेल्या प्राण्याला मारायची साधनं विकणार कोण?

“म्हणून आमच्या माश्या अगदी मजेत आहेत,” इल्का म्हणाली. आणि स्वतःच्याच धिटाईने दचकून तिने तोंडावर हात ठेवला.

दुसऱ्या दिवशी डॉक्टर वोर्नाकनी मला भट्टीच्या खोलीत बोलावलं. माणूस उंच, वाकलेला, साठी उलटलेला. तोपर्यंत त्यांनी माझ्याशी मान हलवण्यापलीकडे संवाद केला नव्हता. भट्टी धडधडत होती. दार लावून ते चक्क इंग्रजीत म्हणाले, “मिस रेडीज, तरुणपणी मी लंडनजवळ शिकलो. हे आता कुणाला आठवत नाही आणि मी आठवण करून देत नाही. या, तुम्हाला काही दाखवतो.”

कोपऱ्यात एक मोठा मातीचा कुंडा होता. त्यावर ओलं फडकं. त्यांनी ते जरा उचललं आणि आतून वास आला. त्या वासाने मी क्षणात हर्णैच्या बंदरावर जाऊन आले. आत मासळीची मुंडकी होती, सडत आलेली, आणि त्यांवर निळ्या माश्यांचा थवा घोंघावत होता.

मला हसू फुटलं. “आमच्या गावाला सुकटीच्या वाळवणाजवळ जी कलमं असतात, ती सगळ्यांत जास्त धरतात. वडील म्हणायचे, माशी ही आंब्याची सुईण.”

“तुमच्या आधी आलेल्या दोघांनीही मला माश्याच सांगितल्या होत्या,” वोर्नाक म्हणाले. “तेव्हा मी भ्यालो.”

“आणि आता?”

“आताही भितो. माझ्या आधी इथे माझा मित्र संचालक होता. एका वर्षी त्याचे ट्यूलिप राष्ट्रीय उत्सवानंतर फुलले.”

“मग?”

“मग मी संचालक झालो.” त्यांनी फडकं पुन्हा नीट बसवलं. “पण मी झाडांचा माणूस आहे. ते झाड एवढं मोहरतं, वाट बघतं आणि सगळं गाळून टाकतं. दोनदा बघितलं. तिसऱ्यांदा माझ्याने बघवणार नाही.”

त्याच आठवड्यात आम्ही काचघरात माश्या सोडल्या. कुंडा भट्टीमागे, बार्तोशना सांगितलेलं कारण मासळीचं खत. ते नाकाला रुमाल लावून दारातूनच परत जात. माश्या मोहरावर तुटून पडल्या. आणि एका सकाळी मी पानं बाजूला केली तर देठांवर वाटाण्याएवढ्या हिरव्या गाठी. वोर्नाकना हाक मारली. त्यांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा लावला. इल्काने विचारलं, “हे आंबे?” मी म्हटलं, “अजून नाही. पण आता होतील.”

पुष्कळशा गळाल्या, हे चालायचंच. एका झाडावर मोजक्या कैऱ्या टिकल्या. मे उजाडेपर्यंत त्या कोंबडीच्या अंड्याएवढ्या झाल्या. हिरव्यागार, टणक, देखण्या.

आणि बार्तोश धावत आले. “ते येणार आहेत! उत्सवाच्या दिवशी, स्वतः. आंबा पिकलेला हवा.”

“जूनच्या अखेरीस पिकेल,” मी म्हटलं.

इल्काने या वेळी नीट भाषांतर केलं. बार्तोश माझ्याकडे बघत राहिले. “पण उत्सव मे महिन्यात आहे,” ते म्हणाले. मी ही गोष्ट झाडाच्या कानावर घालावी, असा त्यांचा सूर होता.

मी ते काम केलं नाही तेव्हा त्यांनी आपल्या परीने केलं. कुठूनशा उष्ण देशातून विमानाने एक पेटी आली. आत पिवळे आंबे, लांबुडके, चोचीचे.

“अहो, हे हापूससुद्धा नाहीत!” मी ओरडले.

“पिवळे आहेत,” बार्तोश म्हणाले.

त्यांच्या माणसांनी हिरवा दोरा गुंडाळलेल्या बारीक तारांनी ते आंबे माझ्या झाडाला बांधले. मी तावातावाने वोर्नाकांकडे गेले. ते शांत होते. “बांधू दे. आपल्या कैऱ्यांना कुणी हात लावला नाही म्हणजे झालं,” म्हणाले.

ग्रादेकला मी तोवर फक्त भिंतींवर पाहिलं होतं, चार मजली उंच. प्रत्यक्षात आला तो बुटका, नीटनेटका म्हातारा. हात मऊ, नखं स्वच्छ. आणि आवाज इतका हळू की ऐकायला सगळ्यांना पुढे झुकावं लागे. मंत्री झुकायचे, सेनापती झुकायचे. आवाज चढवायची त्याला गरजच नव्हती. देश वाकून ऐकत होता.

माझ्यापाशी येऊन त्याने माझं नाव घेतलं, अगदी बिनचूक, रेडीजमधल्या दीर्घ ‘डी’सकट. म्हणाला, “घरी कोण असतं?”

“आई.”

“एकटीच? मग तुम्हाला लवकर परत पाठवायला हवं.” आणि डोळ्यांनी हसला. मला तो माणूस आवडला, हे सांगायलाच हवं. त्या घटकेला खरंच आवडला.

मग तो झाडाकडे वळला. बार्तोश वाकून पिवळ्या फळांकडे हात दाखवत होते. ग्रादेकने एक आंबा धरून ओढला. आंबा आला आणि त्याच्याबरोबर तारही आली, लवलवत. काचघरात वाफेच्या नळांचा सूं सूं आवाज तेवढा राहिला. बार्तोशचा चेहरा पीठ लावल्यासारखा झाला.

ग्रादेक तारेकडे बघत हळूच म्हणाला, आणि इल्का माझ्या कानाशी सांगत गेली, “इतकी वर्षं लोक माझ्यासाठी फळं बांधत आले आहेत. मी येणार म्हणून रिकाम्या दुकानांत माल मांडतात, मी गेलो की उचलतात. दुसरीकडची कणसं आणून माझ्या वाटेवरच्या शेतात रोवतात. मी कंटाळलो आहे, कॉम्रेड बार्तोश.” त्याने तो आंबा तारेसकट बार्तोशच्या हातात ठेवला, जपून, पोराला खाऊ द्यावा तसा. “इथे न बांधलेलं काही आहे का?”

डॉक्टर वोर्नाक पुढे झाले. त्यांनी पानं बाजूला सारली. मागे एक कैरी लोंबत होती.

“ही झाडाने धरली? आपली आपण?”

“आपली आपण,” वोर्नाक म्हणाले. त्यांच्या आवाजात बापाचा अभिमान होता.

मला टाळ्या वाजवाव्याशा वाटल्या. वाटलं, उगाच घाबरतात हे लोक. हा माणूस खऱ्यासाठी भुकेला आहे आणि कुणी त्याला ते देतच नाही.

ग्रादेकने कैरी तोडली. “चीक लागेल!” मी म्हटलं. त्याने रुमालाने देठ पुसला आणि सालीसकट कैरीचा कचकन चावा घेतला. त्या वयाच्या हापूस कैरीचा घास काय असतो, मला माहीत आहे. दात मुळापर्यंत आंबतात. त्याच्या डोळ्याखालची एक शीर हलली, बाकी चेहरा होता तसाच. त्याने घास चावला, गिळला.

“गोड आहे,” तो म्हणाला.

आणि उष्टी कैरी शेतीमंत्र्यांपुढे धरली.

शेतीमंत्र्यांनी चावा घेतला. त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं, ते त्यांनी भारावल्याचं म्हणून खपवलं. “गोड! फार गोड!” मग सेनापती. “गोड.” मग दाढीवाले कुणी विद्यापीठाचे प्रमुख. मग बार्तोश, त्यांनी तर अर्धी कैरी तोंडात घातली. “मधासारखी!” म्हणाले, लाळ आवरत.

ग्रादेक कैरीकडे बघतच नव्हता. तो एकेकाचा चेहरा बघत होता, सावकाश, चवीने. खरी चव तो आत्ता घेत होता. मला तेव्हा तो माणूस कळला. दुसऱ्याने रचलेलं खोटं त्याला चालत नव्हतं. त्यात त्याचा अपमान होता. खोटं त्याचंच हवं होतं, आणि ते लोकांनी त्याच्यासमोर चावून, गिळून दाखवायला हवं होतं.

कैरी वोर्नाकांकडे आली. त्यांनी डोळे मिटले. लहानसा घास घेतला आणि तो जिभेवर फिरवत राहिले. किती दिवसांची वाट होती ती.

“आंबट,” ते म्हणाले. “उत्तम आंबट. या वयाची कैरी अशीच असायला हवी. झाड ठणठणीत आहे.”

बार्तोश चावता चावता थांबले.

“सगळ्यांना गोड लागली, डॉक्टर,” ग्रादेक म्हणाला.

“हो. ऐकलं मी.”

“मलाही.”

“मार्शल, या चवीसाठी मी दोन मोहर गळताना पाहिले. मला ती आहे तशीच लागली. त्याला माझा इलाज नाही.”

ग्रादेक माझ्याकडे वळला. “बाई आंब्याच्या देशातून आल्या आहेत. त्याच सांगतील.”

कैरी माझ्या हातात आली. कोयीभोवतीचा थोडा भाग उरला होता. मी पाहुणी होते, माझं फार तर विमानाचं तिकीट निघालं असतं. पण मी जे बोलेन ते इल्काच्या तोंडून बाहेर पडणार होतं, तिच्या आवाजात, तिच्या देशात. तिची आई इथेच राहत होती, धाकटा भाऊ इथेच शिकत होता. मी तिच्याकडे पाहिलं. ती ताठ उभी होती, हात पाठीमागे. आणि ग्रादेकचं वाक्य सांगत असल्यासारख्याच कोरड्या सुरात ती मला हिंदीत म्हणाली, “दीदी, जो स्वाद है, वही कहिए।”

त्या काचघरात हिंदी आम्हा दोघींनाच येत होतं.

मी घास घेतला. “आंबट आहे,” मी म्हटलं. “आमच्या हर्णैला अशा कैरीला तिखटमीठ लावून खातात.”

इल्का त्याच्याकडे वळली. त्यांच्या भाषेत आंबटला ‘कीस्त’ म्हणतात. खारवलेल्या कोबीच्या प्रत्येक बरणीवर तो शब्द असे, म्हणून मला ठाऊक होता. मी कान देऊन ऐकलं. इल्का म्हणाली, “कीस्त.” स्पष्ट, सगळ्यांना ऐकू जाईल असं. मग तिखटमिठाचंही सांगितलं, एक शब्द न गाळता.

ग्रादेक हसला. दात दिसले नाहीत. तो वोर्नाकांच्या अगदी जवळ गेला, काहीतरी बोलण्यासाठी त्याने तोंड उघडलं. आणि एक माशी आली.

भट्टीमागच्या मुंडक्यांवर पोसलेली आमचीच निळी, गुबगुबीत माशी. ती त्याच्या ओठाच्या कोपऱ्याशी, कैरीच्या रसावर बसली. त्याने मान झटकली. ती उडाली, एक फेरी मारून पुन्हा तिथेच बसली. सगळ्यांनी पाहिली. सेनापती छताकडे बघू लागले, शेतीमंत्री बुटांकडे. अंगावर गोळी घ्यायला तयार असलेले ते दोन धिप्पाड रक्षक पुतळ्यासारखे उभे राहिले. माशी हाकलायची तर ती आहे असं मान्य करावं लागणार होतं, आणि शेवटची माशी मेल्याचं त्या माणसाने स्वतः सज्जातून सांगितलं होतं.

ग्रादेकने वोर्नाकांकडे पाहिलं. फळ कसं धरलं ते त्याला कळलं, हे मला त्याच्या डोळ्यांत दिसलं. वोर्नाकनी नजर खाली घेतली नाही. माशी ग्रादेकच्या मिशीवर चालत होती.

“फार उकडतंय इथे,” ग्रादेक म्हणाला आणि वळून चालायला लागला. मागोमाग सगळा लवाजमा.

दार बंद झालं तशी इल्का एका कुंडीच्या काठावर मटकन बसली. ती हसत होती की रडत होती, सांगता येणार नाही. वोर्नाकनी माझ्या हातातली कोय घेतली, राहिलेला गर दातांनी खरवडून खाल्ला आणि विचारलं, “मिस रेडीज, तिखटमीठ म्हणजे नक्की काय असतं?”

दुसऱ्या दिवशीच्या वर्तमानपत्रात पहिल्या पानावर झाडाखाली उभा असलेला ग्रादेक होता. खाली छापलं होतं, “‘आमचा आंबा भारतातल्या आंब्याहून गोड’: डॉक्टर वोर्नाक यांचे उद्गार. भारतीय तज्ज्ञ बाईंना आनंदाश्रू अनावर.” इल्काने मला ते वाचून दाखवलं आणि घडी घालून ठेवलं.

मग बाकीचं झालं, तेही आवाज न करता. प्रकृतीच्या कारणास्तव वोर्नाकना सेवेतून मुक्त केलं आणि डोंगरातल्या एका गावात बहिणीकडे जाऊन राहायला सांगितलं. इल्काचं दुभाषाचं काम गेलं, तिला बटणांच्या कारखान्यात नेमलं. बार्तोश संचालक झाले. उद्दिष्ट साध्य झालं म्हणून काचघराचा कोळसा बंद करण्याचं ठरलं. मला आभाराचे चार शब्द आणि परतीचं तिकीट मिळालं. मी पुढे पुष्कळ चौकशी केली, पण झाडांचं काय झालं ते मला कुणी कळवलं नाही. एका हिवाळ्यात जायला त्यांना फार वेळ लागला नसणार.

मला वाईट वाटण्यापेक्षा संताप जास्त आला होता. वोर्नाकांच्या जाण्याच्या दिवशी आम्ही तिघं स्टेशनकडे चालत निघालो. मे महिन्यातही हवा बोचत होती, मी साडीवर ओव्हरकोट घातला होता. त्यांच्या हातात एकच बॅग होती.

“त्याने तुमच्या तोंडी हवं ते घातलं आणि छापलं,” मी म्हटलं. “अख्ख्या देशाने तेच वाचलं. मग आपण बोललो कशाला?”

“मला खोटी चव गिळायची नव्हती. एवढंच कारण,” ते म्हणाले. “त्यातून काही निघेल असं मला कुठे वाटलं होतं?”

वाटेत खायला काही घ्यावं म्हणून आम्ही कोपऱ्यावरच्या सरकारी दुकानात रांगेला लागलो. रांग दाराबाहेर आलेली. काउंटरमागे जाडजूड बाई, पुढ्यात सुरकुतलेल्या, डागाळलेल्या सफरचंदांचा ढीग. आमच्या पुढे असलेल्या एका म्हाताऱ्याने विचारलं, “कशी आहेत?”

“गोड,” बाई म्हणाली. तिने तो शब्द जरा लांबवला.

रांगेतले दोनतीन खांदे हलले.

पुढची बाई म्हणाली, “पाव कालचा आहे का हो?”

“छे, छे. गोड आहे!”

आता कुणीतरी खोकल्याच्या आड हसलं. मला एवढे शब्द कळत होते, पण त्यात हसण्यासारखं काय ते कळेना. मी इल्काला कोपराने खुणावलं. तिलाही कळलं नव्हतं. तिने मागे उभ्या असलेल्या, डोक्याला रुमाल बांधलेल्या आजीबाईंना हळूच विचारलं. आजीबाई तिच्या कानाशी लागल्या, आणि ऐकता ऐकता इल्काचा चेहरा बदलत गेला.

“काय म्हणतायत?” मी विचारलं.

“म्हणतायत, तुला माहीत नाही का पोरी? सगळं शहर बोलतंय. काचघरात त्यांनी हिरवी कैरी खाल्ली आणि गोड म्हणाले. सगळ्यांनी गोड म्हटलं. फक्त एका म्हाताऱ्याने तोंडावर सांगितलं, आंबट आहे. आणि एका परदेशी बाईने तर तिखटमीठ मागितलं.” इल्का थांबली. “आणि म्हणतायत, दुभाषी पोरीने शब्द बदलला नाही.”

“पण हे बाहेर सांगितलं कुणी?” मी म्हटलं. “आपण तर नाही.”

आम्ही तिघांनी एकमेकांकडे पाहिलं. काचघरात आम्ही सोडून होते ते सगळे गोड म्हणणारेच. मंत्री, सेनापती, विद्यापीठाचे प्रमुख, रक्षक. त्यांतलाच कुणीतरी घरी गेला होता, दार लावलं होतं, आणि बायकोला खरं काय ते सांगितलं होतं. कदाचित एकापेक्षा जास्त जणांनी.

आमची पाळी आली. “तुम्हाला काय, आजोबा?” दुकानातली बाई म्हणाली.

वोर्नाकनी हॅट काढली. त्यांचा आवाज जरासा कापत होता, पण शब्द स्वच्छ होते. “एक किलो सफरचंदं. पण मला आंबट हवीत.”

बाईचा हात ढिगाऱ्यावर थबकला. तिने त्यांच्याकडे पाहिलं. मग माझ्या ओव्हरकोटाखालून दिसणाऱ्या साडीच्या काठाकडे. मग इल्काकडे. बाई एप्रनला हात पुसून आत गेली आणि जाड कागदाच्या पिशवीत काहीतरी भरून घेऊन आली. पिशवीच्या तोंडातून सफरचंदं दिसत होती. हिरवी, टवटवीत, एकही डाग नसलेली. अशी त्या दुकानात मी कधी पाहिली नव्हती.

“आंबट आहेत,” ती मोठ्याने म्हणाली. “माझा शब्द.”

आधी त्या आजीबाई हसल्या. मग त्यांच्या मागचा कुणी. मग ते हसू रांगेतून दाराबाहेर, फुटपाथवर, थेट शेवटच्या माणसापर्यंत गेलं. मी त्या शहरात अख्खा हिवाळा काढला होता, आणि माणसांना असं तोंड उघडून हसताना पहिल्यांदा ऐकत होते. वोर्नाक पिशवी छातीशी धरून उभे होते, हॅट घालायचं विसरून.

कोपऱ्यावर एक पोलीस होता. त्याने आमच्याकडे एकदा पाहिलं आणि लगबगीने पाठ फिरवली. त्याचे खांदे गदगदा हलत होते.